पालथे पात्र: ब्रह्मदेशातील सत्तासंक्रमण आणि भिक्खुसंघ

विनयपिटकाच्या चुल्लवग्गातील पाचव्या खन्धकाचे नाव 'खुद्दकवत्थुखन्धक' असे आहे. नावाप्रमाणेच त्यात किरकोळ वाटणाऱ्या बाबींचे नियम आले आहेत. स्नान कसे करावे, केस किती वाढू द्यावेत, पात्र कशाचे असावे, दातवण किती लांबीचे असावे, असे ते नियम. पालीच्या वर्गात हा खन्धक शिकविण्याची वेळ आली की विद्यार्थी कंटाळतात आणि खरे सांगावयाचे तर शिक्षकही पाने भराभर उलटतो. प्रस्तुत लेखकाने अनेक वर्षे तेच केले. परंतु याच किरकोळ बाबींच्या गर्दीत 'पत्तनिक्कुज्जनकम्म', म्हणजे पात्र पालथे करण्याचे संघकर्म, सांगितले आहे. आमच्याच काळात या एका संघकर्माने एका लष्करी राजवटीची झोप उडविली.

कथा थोडक्यात अशी. भिक्खूंच्या निवासाची व भोजनाची व्यवस्था पाहणाऱ्या दब्ब मल्लपुत्त स्थविरांवर मेत्तिय व भुम्मजक यांच्या गटातील भिक्खूंचा राग होता. त्यांनी आपला मित्र वड्ढ लिच्छवी यास चिथावले आणि दब्बांनी आपली पत्नी भ्रष्ट केली असा खोटा आरोप त्याने तथागतांपुढे केला. चौकशीत आरोप निराधार ठरला. तेव्हा संघाने वड्ढासाठी आपले पात्र पालथे करावे, त्याच्याशी देवघेवीचा संबंध ठेवू नये, असे तथागतांनी सांगितले. असे कर्म कोणाविरुद्ध करता येईल याची आठ अंगेही तेथे दिली आहेत. जो उपासक भिक्खूंच्या लाभाला, हिताला किंवा निवासाला बाधा आणतो, त्यांना शिवीगाळ करतो, त्यांच्यात फूट पाडतो, अथवा बुद्ध, धम्म व संघ यांची निंदा करतो, तो या कर्मास पात्र होय. अंगुत्तर निकायाच्या अट्ठकनिपातातही हीच आठ अंगे येतात.

या कर्माचे स्वरूप नीट ध्यानात घेतले पाहिजे. यात शाप नाही, देहदंड नाही, बहिष्कृताच्या सावलीचा विटाळ नाही. संघ फक्त घेण्याचे नाकारतो. दान देणारा दाता असतो ही आपली नेहमीची समजूत. पण येथे दान स्वीकारणे हेच देणे ठरते, कारण स्वीकारले गेले नाही तर दात्याला पुण्य नाही. आनंद स्थविरांनी ही वार्ता सांगताच वड्ढ जागीच मूर्च्छित झाला, आणि नंतर ओल्या वस्त्रांनी, ओल्या केसांनी तथागतांकडे येऊन त्याने आपला अपराध कबूल केला. अपराध कबूल झाल्यावर संघाने पात्र पुन्हा सुलटे केले. त्या क्रियेलाही नाव आहे: पत्तुक्कुज्जन. म्हणजे नियमातच परतीची वाट ठेवलेली आहे.

दुसरी गोष्ट कार्यपद्धतीची. हे कर्म कोणा एका महास्थविराच्या लहरीवर चालत नाही. संघापुढे ज्ञप्ती मांडावी लागते, ती घोषित करावी लागते, आणि कोणी आक्षेप न घेता मौन राहिले तरच कर्म पूर्ण होते. २५ नोव्हेंबर १९४९ रोजी संविधान सभेत बोलताना पू. बाबासाहेबांनी भिक्खुसंघाला ठराव, गणपूर्ती, मतमोजणी या संसदीय रीती अवगत होत्या असे आवर्जून सांगितले होते. पत्तनिक्कुज्जनाचे स्वरूप पाहिले म्हणजे त्या विधानाचा आधार कळतो.

ब्रह्मदेशात लष्करी सत्तेविरुद्ध हे कर्म एका पिढीच्या आत दोनदा झाले, १९९० साली आणि २००७ साली. त्या काळी आपल्याकडील अनेक विहारांतून त्याचे कौतुक झाले, आणि ते योग्यच होते. परंतु त्यानंतर त्या देशात हुकूमशाहीकडून लोकशाहीकडे जे अर्धेमुर्धे संक्रमण झाले, त्यात त्याच संघाचा एक मोठा भाग कोठे उभा राहिला, याविषयी आपण फारसे बोललो नाही. ते बोलणे आता टाळता येणार नाही.

पार्श्वभूमी आवश्यक तेवढीच देतो. १८८५ साली इंग्रजांनी मंडाले जिंकले आणि थिबा राजाला आपल्या रत्नागिरीस आणून ठेवले. तेथेच १९१६ साली तो वारला. राजा गेला तसा संघाचा आश्रयदाताही गेला. पुढे ऊ ओत्तम, तुरुंगात १६६ दिवसांचे उपोषण करून १९२९ साली प्राण देणारे ऊ विसार, अशा भिक्खूंनी स्वातंत्र्याच्या लढ्यात भाग घेतला. स्वातंत्र्यानंतर पंतप्रधान ऊ नू यांच्या काळात छट्ठ संगायन झाले (१९५४-५६). १९६१ साली त्यांनी बौद्ध धर्मास राज्यधर्माचा दर्जा दिला, त्यामुळे ख्रिस्ती काचिन जमातींत बंडाला बळ मिळाले, आणि देशाची फाटाफूट थांबविण्याचे कारण सांगून २ मार्च १९६२ रोजी जनरल ने विन यांनी सत्ता घेतली. धर्माला राज्याच्या हाती दिले की पुढे राज्य कोणाच्या हाती जाईल याचा नेम नसतो. ने विन यांनी १९८० साली सर्व निकायांची परिषद भरवून संघाला एका राज्यमान्य महानायक समितीखाली आणले आणि नऊ निकायांनाच मान्यता ठेवली. शुद्धीकरणाच्या नावाने झालेली ही नोंदणी पुढे दडपशाहीच्या कामी आली.

१९८७ च्या सप्टेंबरात २५, ३५ व ७५ क्यातच्या नोटा कोणताही मोबदला न देता रद्द करण्यात आल्या. लोकांची शिल्लक एका रात्रीत कागद झाली. मार्च १९८८ मध्ये रंगूनच्या तंत्रशिक्षण संस्थेजवळील चहाच्या दुकानातील भांडणातून विद्यार्थी व पोलीस समोरासमोर आले, एक विद्यार्थी गोळीने मेला, आणि तेथून ठिणगी पसरली. जुलैमध्ये ने विन पक्षाध्यक्षपदावरून पायउतार झाले. ८ ऑगस्ट १९८८ रोजी सार्वत्रिक संप झाला. विद्यार्थी, गोदी कामगार, परिचारिका, सरकारी नोकर व भिक्खू रस्त्यावर आले. १८ सप्टेंबरला लष्कराने नव्या नावाने पुन्हा सत्ता घेतली. मधल्या आठवड्यांत हजारोंचा बळी गेला असे मानले जाते. याच उठावात आंग सान सू ची लोकनेत्या म्हणून पुढे आल्या. २७ मे १९९० रोजी निवडणूक झाली आणि सू ची स्थानबद्ध असतानाही त्यांच्या पक्षाने ४८५ पैकी ३९२ जागा जिंकल्या. सत्ता मात्र सोपविली गेली नाही.

मराठी वाचकाला मंडाले हे नाव तुरुंगामुळे परिचित आहे. पण ते शहर विहारांचे आहे. हजारो भिक्खू तेथे अध्ययन करतात. ८ ऑगस्ट १९९० रोजी, संपाच्या दुसऱ्या स्मृतिदिनी, तेथील भिक्खू मृतांच्या स्मरणार्थ पात्रे घेऊन भिक्षाटनास निघाले. सैनिकांनी गोळीबार केला. महिनाअखेरीस मंडालेच्या संघाने पत्तनिक्कुज्जनकम्म घोषित केले. लष्करातील व्यक्ती व त्यांचे कुटुंबीय यांच्याकडून दान घ्यावयाचे नाही, त्यांच्या घरच्या धार्मिक कार्यास जावयाचे नाही, असे ठरले. सैनिकाच्या घरी मृत्यू झाला तरी परित्तपाठाला भिक्खू मिळेना. ऑक्टोबरमध्ये लष्कराने मान्यताप्राप्त नऊ निकायांखेरीज सर्व संघ-संघटना बेकायदा ठरविल्या, विहारांवर छापे घातले, भिक्खूंची चीवरे उतरवून त्यांना कैद केले. बंदूक लावून पात्र सुलटे करण्याचा हा प्रकार विनयाच्या दृष्टीने निरर्थक होता. पण त्याने बहिष्कार मोडला, हेही खरे.

येथे एक शंका नोंदवितो. चुल्लवग्गात हे कर्म एका उपासकाविरुद्ध, त्याने स्वतः केलेल्या कृत्याबद्दल होते. वड्ढाच्या कुटुंबाविरुद्ध ते नव्हते. मंडालेत मात्र सैनिकाची पत्नी व मुलेही त्यात ओढली गेली. दडपशाहीच्या त्या दिवसांत हे कोणाच्या डोळ्यांत भरले नाही, आणि भिक्खूंच्या धैर्यापुढे ही बाब लहान वाटते. तरीही कृत्याकडून नात्याकडे, कर्माकडून कुळाकडे सरकण्याची एक बारीक फट तेथे दिसते. पुढे जे घडले त्याचे कारण मी या फटीत शोधीत नाही. पण विनयाच्या अभ्यासकाने तिच्याकडे काणाडोळा करू नये.

२००७ चा प्रसंग अधिक परिचित आहे. १५ ऑगस्टला सरकारने पूर्वसूचना न देता इंधनाचे अनुदान काढले. डिझेल दुपटीने, तर बससाठी लागणारा वायू पाचपटीने महागला. कामावर जाणाऱ्या मजुराची मजुरी बसभाड्यातच जाऊ लागली. '८८ च्या पिढीतील विद्यार्थिनेत्यांनी पायी मोर्चे काढले आणि ते लगेच पकडले गेले. मग ५ सप्टेंबरला पखोक्कू या विहारांच्या गावी भिक्खूंच्या मिरवणुकीवर सैनिकांनी बळ वापरले. काही भिक्खूंना खांबाला बांधून मारले. दुसऱ्या दिवशी भिक्खूंनी तेथे आलेल्या अधिकाऱ्यांना विहारात कोंडले आणि त्यांच्या मोटारी पेटविण्यात आल्या. भिक्खूंच्या एका नव्या, भूमिगत संघटनेने चार मागण्या मांडल्या: सरकारने क्षमा मागावी, भाव उतरवावेत, राजबंदी सोडावेत, लोकशाही पक्षाशी बोलणी करावीत. १७ सप्टेंबरची मुदत दिली. क्षमा आली नाही. १८ सप्टेंबरपासून पात्रे पालथी झाली.

या चार मागण्यांकडे विनयाच्या नजरेने पाहण्यासारखे आहे. आठ अंगांत इंधनाचा भाव येत नाही, राजबंदी येत नाहीत. कर्माचा शास्त्रशुद्ध आधार पखोक्कूची मारहाण हाच होता; भिक्खूंच्या अहितासाठी झटणे व त्यांना दुखविणे ही अंगे तेथे स्पष्ट लागू होतात. बाकीच्या मागण्या त्या आधारावर बसविल्या गेल्या. हे राजकारण आहे, विनय नव्हे, असा आक्षेप राज्यमान्य समितीकडून आलाच. माझे मत निराळे आहे. ज्याच्या घरात तांदूळ नाही त्याच्या दारात भिक्खूचे पात्रही रिकामे राहते. रोज पहाटे दारोदार फिरणाऱ्या भिक्खूला महागाई वर्तमानपत्रातून कळत नाही; ती त्याच्या पात्रात दिसते. उपासकांच्या उपजीविकेवरचा घाला हा भिक्खूंच्या लाभावरचा घाला आहे, हा अर्थ अक्षरांत नसला तरी अक्षरांना सोडूनही नाही.

त्या आठवड्यात भिक्खू घोषणा देत नव्हते, मेत्तसुत्त म्हणत चालत होते. दोन्ही बाजूंना सामान्य लोक हातात हात घालून साखळी करीत होते. २२ सप्टेंबरला एक मिरवणूक सू ची यांच्या घरापर्यंत पोहोचली आणि अनेक वर्षांनी त्या फाटकात लोकांना दिसल्या. २४ तारखेला रंगूनमध्ये लाखाच्या आसपास लोक होते असे अंदाज आहेत. २६ पासून लाठ्या, अश्रुधूर, गोळ्या. रात्री विहारांवर छापे. संयुक्त राष्ट्रांच्या विशेष प्रतिनिधींनी एकट्या रंगूनमधील मृतांची संख्या किमान ३१ दिली. चळवळीचे एक प्रवक्ते भिक्खू गम्भीर यांना पकडून ६८ वर्षांची शिक्षा देण्यात आली. ते जानेवारी २०१२ मध्ये सुटले.

लष्कराने या घटनेतून घेतलेला बोध पाहा. नव्या राजधानीत, नेप्यिडॉ येथे, श्वेडगॉनच्या धर्तीवर भव्य चैत्य उभारून २००९ साली पूर्ण केला आणि त्यास 'उप्पातसन्ति', म्हणजे उत्पातांचे शमन, असे पाली नाव दिले. ज्यांच्यासाठी पात्र पालथे झाले त्यांना दान करण्यासाठी स्वतःचा चैत्य बांधावा लागला! पण बोध एवढाच नव्हता. उघड हुकूमशाहीपेक्षा संविधानाच्या आडून चालणारी सत्ता अधिक टिकाऊ, हे सेनापतींनी ओळखले. मे २००८ च्या आरंभी नर्गिस वादळाने इरावतीच्या त्रिभुज प्रदेशात सुमारे १ लाख ३८ हजार माणसे मृत वा बेपत्ता केली. सरकार परदेशी मदत अडवीत होते. लोकांना आसरा दिला तो विहारांनी आणि शहरातून तांदूळ-पाणी घेऊन गेलेल्या स्वयंसेवकांनी. अशा वेळी १० मे रोजी नव्या संविधानावर सार्वमत उरकण्यात आले आणि ९२ टक्क्यांहून अधिक लोकांचा होकार जाहीर झाला. त्या संविधानाने संसदेच्या एक चतुर्थांश जागा लष्कराला दिल्या आणि दुरुस्तीसाठी तीन चतुर्थांशांहून अधिक मते आवश्यक ठेवली. संरक्षण, गृह व सीमा ही खाती सेनापतीच्या हाती राहिली. धर्मसंघाच्या सदस्यांना, अर्थात भिक्खूंनाही, मतदानाचा अधिकार त्यात नाही. ही तरतूद तेथे जुनी आहे. परंतु तिचा परिणाम असा की भिक्खूला राजकारणात बोलावयाचे असेल तर रस्ता आणि धर्मासन एवढ्याच जागा उरतात.

३० मार्च २०११ रोजी थेन सेन हे निवृत्त सेनानी अध्यक्ष झाले आणि संक्रमण सुरू झाले. राजबंदी सुटू लागले. १९६२ नंतर प्रथमच स्वतंत्र कामगार संघटनांना कायद्याने वाव मिळाला. ऑगस्ट २०१२ मध्ये वृत्तपत्रांवरील पूर्वतपासणी उठली. इरावतीच्या उगमसंगमावरील म्यित्सोन धरणाला काचिन लोकांचा जुना विरोध होता. रंगूनचे लेखक, चित्रकार त्यांना येऊन मिळाले, आणि ३० सप्टेंबर २०११ रोजी अध्यक्षांनी चिनी भांडवलाचे ते काम स्थगित केले. पन्नास वर्षांत सरकारने लोकांचे ऐकल्याचे असे उदाहरण विरळाच. लोकांना वाटले, आता मागितले की मिळेल.

तसे नव्हते, हे लेत्पादाऊंगने दाखविले. मोन्यवा हे लेडी सयाडोंच्या कार्याने पुनीत झालेले गाव. त्यांच्याच परंपरेतून आलेली विपश्यना आज इगतपुरीस शिकविली जाते आणि छट्ठ संगायनाचा पाठ आपण तेथूनच निघालेल्या देवनागरी ग्रंथांतून वाचतो. या मोन्यवाजवळील डोंगरात तांब्याची खाण होती. ती चिनी कंपनी व ब्रह्मी लष्कराची कंपनी यांची भागीदारी होती. जमीन गेलेल्या शेतकऱ्यांनी, त्यांत स्त्रिया पुढे होत्या, खाणीजवळ तळ ठोकला. भिक्खू त्यांच्यासोबत बसले. २९ नोव्हेंबर २०१२ च्या पहाटे पोलिसांनी टाकलेल्या धूरबाँबमध्ये फॉस्फरस होता. झोपलेल्या भिक्खूंची अंगे भाजली. डिसेंबरमध्ये धर्मव्यवहार मंत्र्यांनी ज्येष्ठ भिक्खूंपुढे गुडघे टेकून क्षमा मागितली. २००७ साली जी क्षमा मिळाली नव्हती ती आता पंधरवड्यात मिळाली. हा संक्रमणातला फरक खरा आहे, आणि त्याची मर्यादाही खरी आहे. क्षमायाचना चीवराची झाली. ज्यांची जमीन गेली त्यांच्या वाट्याला चौकशी आयोग आला. त्या आयोगाच्या अध्यक्षा सू ची होत्या. मार्च २०१३ मध्ये आयोगाने फॉस्फरसचा वापर मान्य केला, नुकसानभरपाई वाढविण्यास सांगितले आणि खाण चालू राहावी असा निर्वाळा दिला. सू ची गावात गेल्या तेव्हा ज्या स्त्रियांच्या घरांत त्यांची छायाचित्रे लावलेली होती त्याच स्त्रिया त्यांच्यासमोर आक्रोश करीत होत्या. पुढच्या वर्षी, डिसेंबर २०१४ मध्ये, खाणीच्या कुंपणाजवळ पोलिसांच्या गोळीने एक शेतकरी स्त्री मरण पावली.

संविधान सभेतील त्याच भाषणात बाबासाहेबांनी राजकारणातील भक्ती अधःपाताकडे व अखेर हुकूमशाहीकडे नेते असा इशारा दिला होता. सू ची यांचा त्याग मोठा होता, याविषयी दुमत नाही. पण सारी चळवळ एका व्यक्तीच्या चरणी वाहिली गेली की त्या व्यक्तीची तडजोड ही सगळ्यांची तडजोड होऊन बसते. जानेवारी २०१५ मध्ये नव्या शिक्षण कायद्याविरुद्ध मंडालेहून पायी निघालेले विद्यार्थी १० मार्चला लेत्पादान येथे अडवून झोडपले गेले, शंभराहून अधिक पकडले गेले. लोकशाही पक्षाने त्यांना संयमाचाच सल्ला दिला. निवडणूक जवळ आली होती.

आता त्या प्रकरणाकडे वळतो ज्यासाठी हा लेख लिहावयास घेतला. जून २०१२ मध्ये आराकान (राखाइन) प्रांतात बौद्ध व रोहिंग्या मुसलमान यांच्यात दंगली उसळल्या, ऑक्टोबरमध्ये पुन्हा. सुमारे १ लाख ४० हजार लोक, बहुतेक रोहिंग्या, छावण्यांत गेले. रोहिंग्यांना अन्य देशांत पाठवावे असे अध्यक्ष थेन सेन यांनी जुलैमध्ये सुचविले. सप्टेंबर २०१२ मध्ये मंडालेच्या रस्त्यावर पुन्हा शेकडो भिक्खू चालले. ते या सूचनेच्या पाठिंब्यासाठी चालले, विराथू या भिक्खूच्या नेतृत्वाखाली. बरोबर पाच वर्षांपूर्वी याच महिन्यात, याच शहरात, भिक्खू मेत्तसुत्त म्हणत लष्कराविरुद्ध चालले होते. '८८ च्या पिढीचे एक आदरणीय नेतेही रोहिंग्या हे ब्रह्मदेशाच्या वांशिक समूहांपैकी नव्हेत असे म्हणाले. ज्यांनी तुरुंगात पंधरा-वीस वर्षे काढली त्यांनी हे म्हणावे, याचे दुःख अधिक.

जून २०१३ मध्ये 'मा बा था' ही संघटना स्थापन झाली. नाव तीन शब्दांच्या आद्याक्षरांचे आहे: आम्यो, म्हणजे वंश, बाथा, म्हणजे धर्म, मूळ पाली 'भासा', थाथना, म्हणजे 'सासन'. ही जोडी वसाहतकाळापासूनची आहे. पण पाली जाणणाऱ्याला ती खटकल्यावाचून राहत नाही. सासन हा बुद्धाचा उपदेश. त्याच्या शेजारी वंश बसविला आणि दोहोंचे रक्षण एकच मानले, म्हणजे जन्म आणि धम्म एक झाले. वासेट्ठसुत्त, अस्सलायनसुत्त, वसलसुत्त यांच्या उपदेशाशी हे उघड विसंगत होय. या संघटनेच्या मागणीवरून २०१५ साली चार कायदे झाले: लोकसंख्यानियंत्रण, धर्मांतर, एकपत्नीत्व आणि बौद्ध स्त्रियांच्या आंतरधर्मीय विवाहाची नोंदणी. १९१६ च्या निबंधात बाबासाहेबांनी अंतर्विवाहाचे बंधन हेच जातीचे मर्म म्हणून दाखविले. ते वाचलेल्या माणसाला चौथ्या कायद्याचा अर्थ फोड करून सांगावा लागू नये. २०१४ च्या जनगणनेनुसार त्या देशात बौद्ध ८७.९ टक्के व मुसलमान सुमारे ४.३ टक्के होते. भय कोणाला कोणाचे, हा प्रश्न या आकड्यांपुढे विचारावासा वाटतो.

मा बा था ही सुद्धा एक सामाजिक चळवळच होती, हे मान्य केले पाहिजे. तिने रविवारच्या धम्मशाळा चालविल्या, पुरात मदत केली, गरीब उपासिकांना कायद्याचा सल्ला दिला. म्हणूनच ती पसरली. सेन्सॉर उठल्याचा, सभाबंदी सैल झाल्याचा लाभ जसा शेतकऱ्यांना झाला तसा तिलाही झाला, आणि सत्ताधाऱ्यांना तिचा उपयोग अधिक होता. खाण, जमीन, शिक्षण हे प्रश्न लष्कराच्या खिशाला हात घालीत होते. वंशरक्षणाचा प्रश्न घालीत नव्हता. १९८२ च्या नागरिकत्व कायद्याने १८२३ पूर्वीपासूनच्या वंशांनाच पूर्ण नागरिक मानले होते. संक्रमणात तो बदलला नाही. उलट २०१५ साली तात्पुरत्या ओळखपत्रधारकांचा मताधिकारही गेला, आणि नोव्हेंबर २०१५ च्या निवडणुकीत लोकशाही पक्षाने एकही मुसलमान उमेदवार दिला नाही. तो पक्ष प्रचंड बहुमताने जिंकला. त्याचे कायदेतज्ज्ञ सल्लागार को नी, जे मुसलमान होते आणि लष्कराच्या संविधानातून वाट शोधीत होते, ते २९ जानेवारी २०१७ रोजी रंगूनच्या विमानतळावर गोळी घालून मारले गेले. त्याच वर्षी ऑगस्टपासून लष्कराच्या मोहिमेमुळे सात लाखांहून अधिक रोहिंग्या बांगलादेशात पळाले.

ऑक्टोबर २०१७ अखेरीस सितागू सयाडो या विद्वान व लोकप्रिय महास्थविरांनी सैनिकांपुढे प्रवचन केले. त्यात त्यांनी महावंसातील दुट्ठगामणी राजाची कथा सांगितली. युद्धातील संहाराने राजा उद्विग्न झाला तेव्हा अर्हतांनी येऊन त्याचे सांत्वन केले की, मारले गेले ते दीडच माणूस: एक त्रिशरण घेतलेला, आणि पंचशीलही घेतलेला दुसरा, बाकीचे मिथ्यादृष्टी, पशुसमान. ही कथा सैनिकांपुढे का सांगितली याचे खुलासे नंतर झाले. मी पाली शिकविणारा माणूस म्हणून एवढेच सांगतो की महावंस हा तिपिटकाचा भाग नाही. तो पाचव्या-सहाव्या शतकाच्या सुमारास सिंहली राजवंशाच्या गौरवासाठी रचलेला इतिहासग्रंथ आहे. पंचशीलाच्या पहिल्या शीलात 'प्राण' हा शब्द आहे. त्यात दीड आणि एक असा हिशेब नाही. आपल्या अभ्यासवर्गांतून महावंस आदराने शिकविला जातो, शिकविलाही जावा, पण हा पंचविसावा परिच्छेद टीकेवाचून शिकविणे आता शक्य नाही.

चित्र एकरंगी नव्हते. मार्च २०१३ मध्ये मेइक्तिला येथे चाळीसहून अधिक माणसे मारली गेली, तेव्हा तेथील एका विहाराच्या प्रमुख भिक्खूंनी शेकडो मुसलमानांना विहारात आसरा दिला आणि मागावर आलेल्या जमावाला दारातच रोखले. २००७ च्या चळवळीतील कित्येक भिक्खूंनी द्वेषाच्या प्रचाराला उघड विरोध केला. २०१७ च्या मे महिन्यात महानायक समितीने मा बा था या नावावर बंदी घातली. पण कायदे राहिले.

१४ ऑक्टोबर १९५६ रोजी नागपुरात बाबासाहेबांना ज्यांनी त्रिशरण-पंचशील दिले ते महास्थविर चंद्रमणी मूळचे आराकानचे होते. त्या प्रांताचे नाव वर्तमानपत्रात छावण्यांच्या संदर्भात येऊ लागले तेव्हा मला प्रथम तेच आठवले. आपण ज्या हातांनी धम्म घेतला त्या हातांच्या भूमीत जन्मावरून माणसाचे नागरिकत्व ठरत होते. आपल्यापैकी काहींनी त्या काळात विराथूंच्या बाजूने लिहिले, आणि बहुतेकांनी काहीच लिहिले नाही. प्रस्तुत लेखकही त्या दुसऱ्या गटातला.

१ फेब्रुवारी २०२१ रोजी, नोव्हेंबर २०२० ची निवडणूक हरलेल्या लष्कराने सत्ता पुन्हा उघडपणे हाती घेतली. डॉक्टरांनी सुरू केलेल्या असहकारात शिक्षक, रेल्वे कामगार, बँकांचे कर्मचारी आले. रंगूनच्या गल्ल्यांतून स्त्रियांनी आपली लुंगी, ज्याला तेथे थामेइन म्हणतात, दोरीवर टांगली. स्त्रीच्या वस्त्राखालून गेल्यास पुरुषाचे तेज जाते या समजुतीने सैनिक थबकत, दोऱ्या काढीत बसत, आणि तेवढ्यात लोक निसटत. विटाळाच्या कल्पनेचा असा उपयोग आमच्याकडील स्त्रियांनाही समजेल. मंडालेचे भिक्खू रस्त्यावर आले, पण २००७ इतके संख्येने नाही. कित्येक नामांकित सयाडो सेनापतींच्या दानसमारंभांत दिसत राहिले. चळवळ या वेळी भिक्खूंच्या मागे चालली नाही. तरुण मुले-मुली पुढे होती, आणि गोळीबार सुरू झाल्यावर त्यांच्यातील अनेकांना सीमेवरील वांशिक समूहांनी आश्रय दिला. ज्या गावांच्या जळण्याच्या बातम्या शहरांनी खोट्या मानल्या होत्या त्या आता खऱ्या वाटू लागल्या. पुष्कळांनी रोहिंग्यांची जाहीर क्षमा मागितली.

वड्ढ लिच्छवी तथागतांपुढे आला तेव्हा त्याने केवळ 'चुकलो' असे म्हटले नाही. दब्ब मल्लपुत्तांवर आपण निराधार आरोप केला, असे नाव घेऊन, कृत्य सांगून त्याने कबूल केले, आणि त्यानंतरच पात्र सुलटे झाले. सू ची यांच्या सरकारने २०१६ साली परदेशी दूतावासांना 'रोहिंग्या' हा शब्द वापरू नये असे सुचविले होते. ३ जून २०२१ रोजी पदच्युत लोकप्रतिनिधी व त्यांचे सहकारी यांनी स्थापन केलेल्या राष्ट्रीय एकता सरकारने एक निवेदन काढले. त्यात १९८२ चा कायदा रद्द करण्याचे आश्वासन होते, आणि ज्यांच्याविषयी ते होते त्यांचा उल्लेख रोहिंग्या असाच केला होता. निवेदन काढणाऱ्यांच्या हाती त्या दिवशी ना राजधानी होती, ना संसद.